एनबीए सामन्याआधी दुखापतींच्या बातम्या कशा पाहाव्यात: सोलापूरच्या घड्याळानुसार वारंवार विचारले जाणारे प्रश्न

एनबीए म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक बास्केटबॉल लीग. तिथे रात्री सुरू होणारा सामना आपल्याकडे पहाटे किंवा सकाळी येतो. त्यामुळे कोण खेळणार आणि कोण नाही याच्या अर्ध्या बातम्या आपण झोपेत असतानाच येतात. सोलापुरातून एनबीए पाहणारे, मित्रांच्या फॅंटसी लीगमध्ये (खऱ्या खेळाडूंची कागदावरची टीम करून त्यांच्या कामगिरीवर गुण मिळवायचा खेळ) टीम लावणारे आणि कॉलेजच्या संघात खेळणारे जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरं इथे आहेत.

दुखापतींची अधिकृत यादी कुठे मिळते?

एनबीए स्वतः इंज्युरी रिपोर्ट प्रसिद्ध करते. लीगच्या अधिकृत कामकाजाच्या संकेतस्थळावर तो पीडीएफ स्वरूपात असतो आणि फुकट उघडतो. त्यात सामन्याची तारीख, वेळ, कोण विरुद्ध कोण, संघ, खेळाडूचं नाव, सध्याची स्थिती आणि कारण असे रकाने असतात. वेळा अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याच्या, म्हणजे न्यूयॉर्कच्या असतात.

फाइल उघडली की आधी वर छापलेली तारीख आणि वेळ वाचा. गोंधळ बहुतेक वेळा इथेच होतो. व्हॉट्सअॅप ग्रुपवर आलेला स्क्रीनशॉट सहा तास जुना असतो आणि त्यावरून टीम बदलली जाते. पूर्वी हा रिपोर्ट तासातासाने निघायचा, डिसेंबर २०२५ पासून तो दर १५ मिनिटांनी अद्ययावत होतो. म्हणून स्क्रीनशॉट पुढे पाठवू नका, लिंक पाठवा.

संघांना माहिती कधीपर्यंत द्यावी लागते? आपल्याकडे तेव्हा किती वाजलेले असतात?

नियम असा: सामन्याच्या आदल्या दिवशी स्थानिक वेळेनुसार संध्याकाळी ५ वाजेपर्यंत पहिली माहिती द्यायची. बॅक-टू-बॅक, म्हणजे सलग दोन रात्री सामने असतील, तर दुसऱ्या सामन्याची माहिती त्याच दिवशी दुपारी १ पर्यंत द्यायची. शिवाय डिसेंबर २०२५ पासून संध्याकाळचा सामना असलेल्या प्रत्येक संघाला सामन्याच्या दिवशी सकाळी ११ ते दुपारी १ या वेळात ताजी माहिती द्यावी लागते.

आता सोलापूरचं घड्याळ. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपासून मार्चच्या दुसऱ्या रविवारपर्यंत न्यूयॉर्क आपल्यापेक्षा साडेदहा तास मागे असतं. बाकी काळात, म्हणजे ऑक्टोबरच्या सुरुवातीच्या सामन्यांना आणि मार्चच्या मध्यापासून फायनलपर्यंत, साडेनऊ तास. हिवाळ्यातलं एक उदाहरण घ्या. बॉस्टनमध्ये बुधवारी संध्याकाळी ७ चा सामना म्हणजे आपला गुरुवार, पहाटे साडेपाच. त्याचा पहिला रिपोर्ट मंगळवारी ५ वाजता तिथे, म्हणजे बुधवारी पहाटे साडेतीनला इथे. सामन्याच्या दिवशीची ११ ते १ ही खिडकी आपल्याकडे बुधवारी रात्री साडेनऊ ते साडेअकरा.

ही शेवटची वेळ आपल्यासाठी फार सोयीची आहे. पूर्वेकडच्या संघांचं चित्र जेवण उरकून झोपायच्या आत बरंचसं स्पष्ट होतं. पश्चिमेच्या संघांचं तसं नाही. लॉस एंजेलिसमधली हीच खिडकी आपल्याकडे रात्री साडेबारा ते अडीच अशी पडते. त्यासाठी जागू नका. त्यांचे घरचे सामने आपल्याकडे साधारण सकाळी साडेआठ-नऊला सुरू होतात, तेव्हा सकाळी चहा घेताना पाहिलं तरी चालतं.

फीनिक्सची एक गंमत लक्षात ठेवा. ॲरिझोना घड्याळ पुढे-मागे करत नाही, त्यामुळे फीनिक्स वर्षभर आपल्यापेक्षा साडेबारा तासच मागे राहतं. बाकी शहरांचा हिशेब बदलतो, याचा नाही.

रविवार आणि सुट्टीच्या दिवसांचं काय?

तिथले दुपारचे सामने आपल्याकडे रात्री येतात. रविवारी दुपारी १ चा सामना हिवाळ्यात आपल्याकडे रविवारीच रात्री साडेअकराला. नाताळला दुपारी १२ पासून सामने असतात, म्हणजे आपल्याकडे २५ डिसेंबरला रात्री साडेदहापासून. जानेवारीतल्या तिसऱ्या सोमवारी मार्टिन ल्यूथर किंग दिनालाही दुपारचे सामने असतात. गड्डा यात्रेच्या दिवसांत हा सोमवार हमखास विसरला जातो, टीम लावायची राहते. या दिवसांत रिपोर्ट संध्याकाळीच पाहून ठेवा.

प्रॉबेबल, क्वेश्चनेबल, डाउटफुल यांचा नेमका अर्थ काय?

लीगने यांना टक्के ठरवून दिले आहेत. प्रॉबेबल म्हणजे खेळण्याची शक्यता ७५ टक्के, क्वेश्चनेबल ५० टक्के, डाउटफुल २५ टक्के. आउट म्हणजे खेळणार नाही. अव्हेलेबल म्हणजे आधी यादीत होता, आता मोकळा.

हे टक्के संघाचा अंदाज आहेत. प्रत्यक्षात प्रॉबेबल खेळाडू जवळजवळ नेहमी उतरतो आणि डाउटफुल क्वचितच. खरी डोकेदुखी क्वेश्चनेबलची. काही खेळाडू एखाद्या जुन्या गुडघ्यामुळे आठवडेच्या आठवडे क्वेश्चनेबल लिहिले जातात आणि प्रत्येक सामना खेळतात. अशा खेळाडूचे मागचे आठ-दहा सामने चाळा: किती वेळा क्वेश्चनेबल होता आणि त्यातले किती खेळला. लीगच्या ५० टक्क्यांपेक्षा हा त्याचा स्वतःचा इतिहास जास्त कामाचा.

स्थितीचा रकाना पाहिला की झालं ना? कारणाचा रकाना कशाला वाचायचा?

आमच्या मते कारणाचा रकाना स्थितीपेक्षा महत्त्वाचा आहे. नवे लोक तो सोडून देतात आणि तिथेच चुकतात.

एक ओळ जवळून पाहू: ‘इंज्युरी/इलनेस - लेफ्ट अँकल, स्प्रेन’. यात तीन गोष्टी आहेत: दुखापत की आजार, कुठला अवयव आणि कुठली बाजू, आणि दुखापतीचा प्रकार. स्प्रेन म्हणजे सांध्याचं बंधन, म्हणजे लिगामेंट, ताणलं किंवा फाटलं. स्ट्रेन म्हणजे स्नायू. कन्ट्यूजन म्हणजे मुका मार. सोअरनेस म्हणजे नुसतं दुखणं. स्ट्रेस रिअॅक्शन म्हणजे हाडावर ताण पडून सुरू झालेली इजा, अजून फ्रॅक्चर नाही पण त्याच वाटेवर.

मुका मार दोन-चार दिवसांत उतरतो. घोट्याचं हलकं स्प्रेन एक-दोन आठवडे घेतं, कधी कमी. मांडीच्या मागचा स्नायू, हॅमस्ट्रिंग, फसवा असतो: चालताना काही जाणवत नाही, पण वेगात पळताना पुन्हा पकडतो. म्हणून हॅमस्ट्रिंगवरून परतलेल्या खेळाडूची मिनिटं पहिल्या दोन-तीन सामन्यांत कमी धरावीत. पोटरीचा स्ट्रेन आम्ही सगळ्यात गंभीरपणे घेतो, का ते प्लेऑफच्या, म्हणजे हंगामाअखेरच्या बाद फेरीच्या, प्रश्नात येईल.

मागच्या रिपोर्टमध्ये ‘अँकल, सोअरनेस’ होतं आणि आज ‘अँकल, स्प्रेन’ झालं, तर स्थिती तीच क्वेश्चनेबल असली तरी बातमी वाईट आहे. बाजू बदलली, डाव्याचं उजवं झालं, तर ती नवी दुखापत आहे. आणि ‘रिटर्न टू कॉम्पिटिशन रीकंडिशनिंग’ दिसलं तर इजा बरी झाली आहे, आता दम आणि ताकद भरून येतेय, असं समजा. असा खेळाडू बहुधा थोड्याच दिवसांत दिसतो.

काही ओळी सरळ ओलांडून जा. ‘जी लीग - टू-वे’ आणि ‘जी लीग - ऑन असाइनमेंट’ म्हणजे खेळाडू छोट्या लीगच्या संघाकडे आहे, त्याला काही झालेलं नाही. यादी लांब दिसते ती बऱ्याचदा यांच्यामुळे.

‘इंज्युरी मॅनेजमेंट’, म्हणजे जुनी दुखापत सांभाळायला दिलेली विश्रांती, दिसलं की लगेच वेळापत्रक उघडा. बहुतेक वेळा शेजारी बॅक-टू-बॅक सापडेल.

संघापुढे ‘नॉट येट सबमिटेड’ लिहिलंय. म्हणजे सगळे तंदुरुस्त?

नाही. संघाने अजून माहिती दिलेली नाही, एवढाच त्याचा अर्थ. बॅक-टू-बॅकच्या दुसऱ्या दिवशी हे जवळपास नक्की दिसतं, कारण काल रात्री सामना झालाय आणि मुदत आज दुपारी १ ची आहे. कोरी यादी आणि न दिलेली यादी यांत फरक आहे.

रात्री क्वेश्चनेबल होता, सामना पहाटे साडेपाचला. काय करायचं?

इथून पुढे पीडीएफ कमी आणि माणसं जास्त उपयोगी पडतात. क्रम असा असतो:

सामन्याच्या दिवशी सकाळी संघाचा हलका सराव असतो, त्याला शूटअराउंड म्हणतात. त्यानंतर प्रशिक्षक पत्रकारांशी बोलतात. पूर्वेकडच्या संघांसाठी ही वेळ आपल्याकडे रात्री नऊच्या आसपास पडते. ‘आज पूर्ण भाग घेतला’ हे चांगलं चिन्ह. ‘शूटअराउंडला नव्हता’ हे वाईट, पण बॅक-टू-बॅकमध्ये शूटअराउंड बहुतेक होतच नाही, तेव्हा त्यावरून काही ठरवू नका.

सामन्याच्या साधारण दीड ते पावणेदोन तास आधी प्रशिक्षक पुन्हा पत्रकारांसमोर येतात. पहाटे साडेपाचच्या सामन्यासाठी हे पावणेचार-चार वाजता. ‘वॉर्म-अप करून बघू’ असं वाक्य आलं तर निर्णय शेवटच्या तासावर गेला, त्यालाच गेम-टाइम डिसिजन म्हणतात. मग संघासोबत फिरणारे वार्ताहर कोर्टाच्या कडेला उभे राहून खेळाडूचा वॉर्म-अप पाहतात आणि व्हिडिओ टाकतात. त्यात शॉट पडतात की नाही याकडे बघू नका, पाय बघा. दुखऱ्या पायावर उडी घेऊन त्याच पायावर उतरतोय का? बाजूला सरकताना थांबतोय का? उभ्या उभ्या वीस शॉट मारले म्हणजे तो खेळणारच असं नाही.

सामन्याच्या ३० मिनिटं आधी सुरुवातीचे पाच जण जाहीर होतात. तुमच्यासाठी खरी शेवटची तपासणी हीच. साडेपाचच्या सामन्याला पाचचा गजर लावा, पावणेचारचा नको. मधल्या तासाभरातल्या बातम्यांनी झोप जाते आणि पाच वाजता त्या पुन्हा तपासाव्या लागतातच. पुण्याची सकाळची हुतात्मा एक्सप्रेस पकडणाऱ्यांना तर हा गजर आयताच उपयोगी पडतो.

सुरुवातीच्या पाचांत नाव नाही म्हणून खेळाडू बाहेर, असंही नाही. दुखापतीवरून परतणाऱ्याला बऱ्याचदा बाकावरून उतरवतात आणि मिनिटं मोजून देतात.

बातमी कोणाची मानायची?

उतरत्या क्रमाने: लीगचा रिपोर्ट, संघाचं अधिकृत खातं, संघासोबत रोज असणारा स्थानिक वार्ताहर, मग राष्ट्रीय वार्ताहर. ईएसपीएनचे शॅम्स चरानिया यांच्यासारखे राष्ट्रीय वार्ताहर मोठ्या दुखापतीची बातमी अनेकदा सगळ्यांच्या आधी देतात. पण मंगळवारच्या साध्या सामन्यात सातवा-आठवा खेळाडू उतरणार का, हे स्थानिक वार्ताहरालाच माहीत असतं. तीसही संघांचे प्रत्येकी दोन वार्ताहर निवडून एक्सवर एक खासगी यादी करा. एका संध्याकाळचं काम आहे, हंगामभर पुरतं.

नकली खाती खूप आहेत. फोटो तोच, नाव तेच, फक्त खात्याच्या पत्त्यात एखादं अक्षर वेगळं: छोट्या एलच्या जागी मोठा आय, किंवा शेवटी एक अधोरेखा. निळी खूण पैसे भरून मिळते, तिच्यावर विसंबू नका. खात्याचा पत्ता अक्षरन् अक्षर वाचा आणि जुन्या पोस्ट खाली सरकवून पाहा. दुसरी खबरदारी तारखेची: मागच्या हंगामातली ‘आज खेळणार नाही’ ही पोस्ट कोणीतरी पुन्हा फिरवतं आणि ती ताजी वाटते.

सारख्या नावांमुळे गोंधळ होतो. उपाय?

ओक्लाहोमा सिटीच्या एकाच संघात जेलन विल्यम्स आणि जेलिन विल्यम्स असे दोघे एकत्र खेळले आहेत. रिपोर्टमध्ये आडनाव आधी येतं, म्हणून दोन्ही ओळी ‘विल्यम्स’नेच सुरू होतात. पहिला बाजूने आक्रमण करणारा फॉरवर्ड, २०२५ च्या विजेतेपदातला संघाचा दुसरा आधारस्तंभ. दुसरा उंच, सेंटरच्या जागी खेळणारा. इंग्रजी स्पेलिंग पूर्ण वाचल्याशिवाय टीममध्ये बदल करू नका.

‘दोन आठवड्यांनी पुन्हा तपासणी’ म्हणजे दोन आठवड्यांनी परत येणार?

नाही, आणि या एका वाक्यामुळे फॅंटसीत सगळ्यात जास्त नुकसान होतं. दोन आठवड्यांनी डॉक्टर पाहणार, एवढंच संघ सांगतोय. तपासणीनंतर एकट्याने धावणं, मग संपर्काशिवाय सराव, मग पाच विरुद्ध पाच असा पूर्ण सराव, मग सामना, असा रस्ता असतो. तेव्हा दोन आठवडे वाचलं की तीन-चार धरा. ‘पूर्ण सराव केला’ ही बातमी येईपर्यंत त्याची जागा दुसऱ्याने भरा.

धडधाकट खेळाडूला विश्रांती देतात ते नियमात बसतं का?

बसतं, पण २०२३-२४ च्या हंगामापासून त्यावर बंधनं आहेत. मागच्या तीन हंगामांत ऑल-स्टार किंवा ऑल-एनबीए या लीगच्या निवडक खेळाडूंच्या संघांत निवड झालेला खेळाडू ‘स्टार’ धरला जातो. एका सामन्यात एकापेक्षा जास्त तंदुरुस्त स्टार बसवता येत नाहीत, आणि देशभर दाखवल्या जाणाऱ्या व एनबीए कपच्या (हंगामातच होणारी वेगळी स्पर्धा) सामन्यांना स्टार उपलब्ध ठेवावे लागतात. पहिल्या उल्लंघनाला १ लाख डॉलर, दुसऱ्याला अडीच लाख, पुढच्या प्रत्येकाला आधीपेक्षा १० लाख डॉलर जास्त दंड. त्याआधी २०१२ मध्ये सॅन अँटोनियोने मायामीतल्या सामन्याआधी मुख्य खेळाडूंना घरी पाठवलं, तेव्हा लीगने त्यांना अडीच लाख डॉलर दंड केला होता.

याचा उपयोग तुम्हाला असा: बॅक-टू-बॅकमधला एकच सामना देशभर दिसणार असेल, तर स्टार त्यात खेळून दुसऱ्यात बसण्याची शक्यता जास्त. विश्रांती शक्यतो घरच्या मैदानावर द्यावी असंही धोरण सांगतं. बसवलेला तंदुरुस्त स्टार प्रेक्षकांना दिसेल असा हजर असावा लागतो, त्यामुळे टीव्हीवर तो बाकावर हसत बसलेला दिसला म्हणून आशा धरू नका.

शिवाय मोठ्या वैयक्तिक पुरस्कारांसाठी ८२ पैकी ६५ सामने खेळावे लागतात. एमव्हीपीच्या, म्हणजे हंगामातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या, शर्यतीतल्या खेळाडूचे १५-१६ सामने हुकले असतील, तर मार्चमध्ये तो किरकोळ दुखण्यावर बसणार नाही.

लीग एवढी काटेकोर का वागते?

सट्ट्यामुळे. संघातली आरोग्याची माहिती बाहेर आधी पोचली तर तिचा पैसा होतो. टोरंटोच्या जॉन्टे पोर्टरने स्वतःच्या तब्येतीची गोपनीय माहिती सट्टा लावणाऱ्याला दिली आणि आजाराचं कारण सांगून सामना अर्ध्यात सोडला. एप्रिल २०२४ मध्ये त्याच्यावर आजीवन बंदी आली. आपल्याकडे ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदा केला. टेलिग्रामवर ‘आतली इंज्युरी न्यूज’ पैसे घेऊन विकणाऱ्यांपासून लांब राहा. कामाची माहिती लीग स्वतः फुकट देते.

बिनपैशाच्या फॅंटसी लीगमध्ये ही माहिती कशी वापरायची?

लीगच्या सेटिंगमध्ये दोन गोष्टी पाहून ठेवा. खेळाडू कधी बंद होतो, म्हणजे त्याला बदलता येणं कधी थांबतं: त्याचा स्वतःचा सामना सुरू झाल्यावर, की दिवसाचा पहिला सामना सुरू झाल्यावर? दुसरं, जखमींच्या राखीव जागेत फक्त आउट चालतो की क्वेश्चनेबलही?

प्रत्येक खेळाडू स्वतंत्र बंद होत असेल, तर रात्री झोपताना एक साधी मांडणी करा. शंकास्पद खेळाडूचा सामना लवकरचा असेल, तर त्याचा बदली खेळाडू नंतरच्या सामन्यातला ठेवा. साडेपाचला कळलं की तो बाहेर, तर नऊच्या सामन्यातला माणूस अजून मोकळा असतो. उलटं केलं तर हातात काही उरत नाही.

स्टार बसला की त्याच्या जागी उतरणाऱ्यालाच सगळं मिळतं असं नाही. मुख्य बॉल हँडलर, म्हणजे चेंडू खेळवत नेणारा, बाहेर असेल तर चेंडू बहुधा सुरुवातीच्या पाचांतल्याच दुसऱ्या गार्डकडे जातो, बदली खेळाडूला फक्त मिनिटं मिळतात. तो स्टार नसलेले त्या हंगामातले आधीचे सामने उघडा आणि कोणाचे शॉट वाढले ते पाहा. सेंटर बाहेर असेल तेव्हा मात्र रिबाउंड, म्हणजे हुकलेल्या शॉटचे चेंडू, बऱ्यापैकी बदली सेंटरकडेच जातात.

एनबीएवाले घोटा मुरगळल्यावर पाच दिवसांत परततात. मग आम्ही का थांबायचं?

कारण त्यांच्याकडे त्याच रात्री एमआरआय होतो, रोज दोन वेळा उपचार होतात आणि ते लाकडी कोर्टावर खेळतात. एप्रिलच्या उन्हात तापलेल्या सिमेंटच्या कोर्टावर अर्धा बरा झालेला घोटा पुन्हा मुरगळला, की बंधन सैल राहतं आणि मग तो वारंवार मुरगळतो.

मुरगळल्यावर चार पावलंही टाकता येत नसतील, किंवा घोट्याच्या हाडाच्या मागच्या कडेला बोट दाबल्यावर कळ येत असेल, तर एक्स-रे काढून घ्या. चोळू नका, आणि ताज्या सुजेवर शेक देऊ नका. परतण्याआधी दुखऱ्या पायावर एकट्याने लंगडी घाला, दिशा बदलत पळा, मग सराव, मग सामना. लंगडी घालताना दुखतंय तोवर सामना नाही. प्रशिक्षक सरांना स्पष्ट सांगा. चांगले सर रागावत नाहीत.

प्लेऑफमध्ये काय बदलतं?

बॅक-टू-बॅक जवळपास नाहीसे होतात, विश्रांतीचं कारण संपतं आणि क्वेश्चनेबल स्टार बहुतेक उतरतो. म्हणून प्लेऑफमध्ये ‘खेळेल का’ यापेक्षा ‘कसा खेळेल’ हे पाहावं लागतं, आणि कारणाचा रकाना इथे सगळ्यात जास्त बोलतो.

२०२५ च्या फायनलमध्ये इंडियानाच्या टायरीज हॅलिबर्टनची उजवी पोटरी पाचव्या सामन्यात दुखावली. सहाव्याआधी तो क्वेश्चनेबल होता. खेळला, संघ जिंकला. सातव्या सामन्यात, आपल्याकडे २३ जूनच्या पहाटे, पहिल्याच क्वार्टरमध्ये त्याच पायाची टाचेमागची जाड शीर, अकिलीस टेंडन, तुटली. २०१९ मध्ये केव्हिन ड्युरंट पोटरीच्या दुखापतीनंतर फायनलच्या पाचव्या सामन्यात परतला आणि त्याचंही तेच झालं. पोटरीचे स्नायू अकिलीसलाच जोडलेले आहेत. पोटरीचा प्रत्येक स्ट्रेन तिथवर जात नाही, पण स्थितीच्या रकान्यात अव्हेलेबल आणि कारणात ‘काफ, स्ट्रेन’ असेल, तर पहिल्या क्वार्टरमध्ये त्याची पहिली झेप आणि बचावात मागे पळणं नीट बघा.

रोज किती वेळ द्यावा लागतो?

दहा-पंधरा मिनिटं. फोनच्या जागतिक घड्याळात न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिस टाकून ठेवा. रात्री साडेअकराला, साडेनऊ तासांच्या फरकाच्या काळात साडेदहाला, रिपोर्ट उघडून वरची वेळ, मग आपल्या खेळाडूंची स्थिती, मग कारण वाचा. पहिल्या सामन्याच्या ३० मिनिटं आधी सुरुवातीचे पाच. एनबीए ॲपमध्ये फक्त आपल्या संघाच्या सूचना चालू ठेवा; तीसही संघांच्या चालू केल्या तर कामाची सूचना गर्दीत हरवते.